पानं कोरडी, ड्रेसिंग शेवटी: फळं, चीज आणि अक्रोड घालून हिरवं सॅलड

पहिल्यांदा मी हे सॅलड केलं तेव्हा साहित्यात काही उणं नव्हतं. लेट्यूस ताजं, नाशपाती गोड, चीज तर माझ्या ऐपतीपेक्षा जरा वरचंच. पाहुणे सातला यायचे होते. मी पाचलाच सगळं चिरलं, ड्रेसिंग ओतलं, छान कालवलं, फ्रिजमध्ये ठेवलं आणि स्वतःवर खूश होऊन बसले. साडेसातला भांडं बाहेर काढलं तर पानांचा चोळामोळा, नाशपाती तपकिरी, अक्रोड भिजलेल्या पुठ्ठ्यासारखे आणि तळाशी बोटभर गढूळ पाणी. मैत्रिणीने भांड्यात डोकावून विचारलं, "अगं, हे सॅलड आहे की सूप?"

तेव्हापासून मी दोनच गोष्टी डोळ्यांत तेल घालून सांभाळते. पानं खडखडीत कोरडी हवीत, आणि पानं, फळं, चीज, अक्रोड, ड्रेसिंग यांची एकमेकांशी गाठ अगदी वाढायच्या क्षणी पडायला हवी. फळ कोणतं, चीज कोणतं, तेल कोणतं हा ज्याच्या त्याच्या आवडीचा भाग. त्यात चुकलं तरी सॅलड खाण्याजोगं होतं. या दोन गोष्टी चुकल्या तर सूप होतं.

काय काय लागेल

जेवणासोबत खायचं असेल तर हे चार जणांना पुरेल. सॅलडवरच जेवण भागवायचं असेल तर दोघांना.

हिरवी पानं २०० ग्रॅम
सफरचंद किंवा नाशपाती १ मोठी
चीज ७५ ग्रॅम
अक्रोड ५० ग्रॅम, म्हणजे साधारण अर्धा कप
ऑलिव्ह तेल ३ मोठे चमचे
लिंबाचा रस किंवा व्हिनेगर १ मोठा चमचा
मस्टर्ड, म्हणजे बाटलीत मिळते ती मोहरीची पेस्ट, १ छोटा चमचा
मध १ छोटा चमचा
मीठ पाव छोटा चमचा, आणि ताजी मिरपूड

मोठा चमचा १५ मिलिलिटरचा आणि छोटा ५ चा धरला आहे. पहिल्या वेळी मापून घ्या, पुढे हाताला अंदाज येतो. एकूण वेळ पाऊण तास. त्यातला बराचसा पानं पाण्यात पडून असण्यातच जातो.

आधी पानं, कारण निम्मं काम तिथेच आहे

सॅलडच्या पानांचे ढोबळ तीन स्वभाव आहेत. रोमेन आणि आइसबर्ग करकरीत. बटरहेड आणि कोवळा पालक मऊ. रॉकेट, रॅडिकिओ, एंडाइव्ह हे तिखट किंवा कडवट. नवख्या माणसाने निम्मं रोमेन घ्यावं आणि उरलेल्यात थोडं बटरहेड, थोडं रॉकेट. नुसत्या आइसबर्गचं सॅलड करकर वाजतं खूप, पण चवीला पाणीच. नुसतं रॉकेट सवय नसलेल्याच्या नाकात जातं. फळ गोड आणि चीज खारट असणार आहे, तेव्हा पानांत थोडासा कडवटपणा असला तर सगळं तोलून धरलं जातं.

लेट्यूसचा गड्डा चिरताना देठातून पांढरा चीक येताना दिसेल. लेट्यूसचं लॅटिन नाव 'लॅक्टुका' हे दुधावरूनच पडलं आहे. तो चीक कडू असतो, आणि झाड फुलोऱ्यावर यायला लागलं की कडवटपणा वाढतो. गड्डा मधोमध कापल्यावर आतला दांडा लांब आणि जाड झालेला दिसला तर आधी एक पान चावून बघा. सगळं धुऊन झाल्यावर कळण्यापेक्षा हे बरं.

धुताना बहुतेक जण एक चूक करतात: पानं चाळणीत ठेवून नळाखाली धरतात, नाहीतर भांड्यातलं पाणी पानांसकट चाळणीत ओततात. माती पाण्यात खाली बसलेली असते. भांडं उपडं केलं की तीच माती परत पानांवर जाऊन बसते. म्हणून मोठं पातेलं गार पाण्याने भरा, पानं सुटी करून त्यात टाका, हाताने हलकेच ढवळा आणि मिनिटभर स्वस्थ राहू द्या. मग पानं वरच्या वर उचलून घ्या. तळाला बोट फिरवा. रवाळ लागलं तर पाणी फेकून पुन्हा एकदा. पालकाला तीन पाणी सहज लागतात. पाकिटावर 'धुतलेली, खाण्यास तयार' असं लिहिलेली पानं मात्र पुन्हा धुऊ नका. कारखान्यातल्या धुण्यापेक्षा आपलं सिंक आणि आपले हात स्वच्छ असतील याची खात्री नसते, आणि पानं ओली होतात ते वेगळंच.

शेवटच्या पाण्यात बर्फाचे खडे टाका आणि पानं पंधरा मिनिटं बुडवून ठेवा. लेट्यूसमध्ये सुमारे ९५ टक्के पाणीच असतं. तोडल्यापासून ते थोडंथोडं उडत राहतं आणि पान मलूल पडतं. गार पाण्यात पेशी पुन्हा पाणी ओढून फुगतात, सायकलच्या ट्यूबमध्ये हवा भरल्यासारख्या. मान टाकलेलं पान पंधरा मिनिटांत ताठ उभं राहतं, आणि ते बघायला मला अजूनही मजा येते. पान चिकट झालं असेल किंवा काळं पडलं असेल तर मात्र त्यावर इलाज नाही. ते काढून टाका.

आता कोरडं करणं. सॅलड स्पिनर, म्हणजे पानं गरगर फिरवून पाणी झटकणारं जाळीचं भांडं, असेल तर तो निम्माच भरा. ठासून भरला तर मधली पानं ओलीच राहतात. एकदा फिरवून झाल्यावर साचलेलं पाणी ओता, पानं हाताने उलटीपालटी करा आणि पुन्हा फिरवा. दुसऱ्या वेळीही पाणी निघतं, बघा. स्पिनर नसेल तर मोठा सुती टॉवेल पसरा, त्यावर पानांचा एकच थर द्या, चारी टोकं गोळा करून झोळी करा आणि मोकळ्या जागी जाऊन हात लांब करून गरगरा फिरवा. भिंतीवर शिंतोडे उडतात, म्हणून मोकळी जागा. पानं कोरडी झाली की नाही हे ओळखायला एक पान टिश्यू पेपरवर दाबा. ओल उमटली तर अजून वेळ आहे.

एवढा खटाटोप कशासाठी? तेल आणि पाणी एकमेकांना धरत नाहीत. पानावर पाण्याचा थर असला की ड्रेसिंग त्यावरून घसरतं आणि थेट तळ गाठतं. मग वरची पानं बेचव लागतात, आपण आणखी ड्रेसिंग ओततो, आणि तेही खालीच जातं.

पानं आदल्या दिवशीही धुऊन ठेवता येतात. डब्यात टिश्यू पेपर, त्यावर पानं, वर पुन्हा टिश्यू. फ्रिजमध्ये तीन-चार दिवस चांगली राहतात. फक्त डब्याशेजारी सफरचंद, नाशपाती ठेवू नका. पिकणाऱ्या फळांतून इथिलीन वायू सुटतो आणि त्याने लेट्यूसवर गंजासारखे तपकिरी ठिपके पडतात. पुढे ज्यांना एकाच भांड्यात नांदायचं आहे, त्यांना आधी दूर ठेवायचं.

मोठी पानं खायच्या घासाएवढी करायची. हाताने फाडावीत की सुरीने कापावीत यावर लोक तावातावाने भांडतात. माझ्या मते सुरीला धार असेल तर काही फरक पडत नाही. बोथट सुरी पान कापत नाही, चेचते, आणि चेचलेली कड लवकर तपकिरी होते.

अक्रोड भाजताना तिथून हलू नका

आधी एक अक्रोड कच्चाच खाऊन बघा. अक्रोडातलं तेल लवकर बिघडतं, आणि एक खवट अक्रोड सगळ्या भांड्याचा विचका करतो. जुन्या रंगासारखा वास आला किंवा घशाशी खवखवलं तर सगळे टाकून द्या. चांगले मिळाले की हवाबंद डब्यात घालून फ्रीजरमध्ये ठेवा.

जाड बुडाची कढई मध्यम-मंद आचेवर ठेवा आणि अक्रोड एका थरात पसरा. पहिली दोन-तीन मिनिटं काहीच घडत नाही. इथेच माणूस कंटाळून फोन हातात घेतो. मग कडा जरा चमकायला लागतात, तेल सुटतं, आणि एका क्षणी स्वयंपाकघरात भाजल्याचा खमंग वास पसरतो. तिथून पुढे करपायला मिनिटभरसुद्धा लागत नाही. सतत हलवत राहा, पाच ते सात मिनिटांत काम होतं. रंग हवा तसा दिसायच्या थोडं आधीच गॅस बंद करून अक्रोड थंड ताटलीत काढा. गरम कढईत तसेच राहिले तर ते आतल्या आत भाजत राहतात. ओव्हन असेल तर १७५ अंश सेल्सिअसला आठ ते दहा मिनिटं, मध्ये एकदा हलवून.

पूर्ण गार होईपर्यंत चिरू नका, चुरा होतो. गरम अक्रोड सॅलडमध्ये टाकले तर पानं मरगळतात आणि चीज वितळून चिकटतं. कुणाला सालीचा तुरटपणा नको असेल तर गरम अक्रोड जाडसर कापडात घेऊन चोळा, बरीचशी साल निघून येते. बदाम, पेकान, पिस्ते, हेझलनट यांनाही हीच रीत. खाणाऱ्यांपैकी कुणाला यांची ॲलर्जी आहे का ते आधी विचारा. शंका असेल तर अक्रोड वेगळ्या वाटीत द्या आणि चिरायची सुरी, पाटही वेगळे ठेवा.

फळ

कडक आणि रसाळ फळ सगळ्यात सोपं. सफरचंद, नाशपाती, द्राक्षं चिरल्यावर आकार सोडत नाहीत. डाळिंबाचे दाणेही झकास. ते काढायचे असतील तर फळ फोडून पाण्याच्या भांड्यात बुडवूनच दाणे सुटे करा: दाणे तळाला जातात, पांढरा पापुद्रा वर तरंगतो, आणि कपड्यांवर डाग पडत नाहीत. नंतर तेही टिपून कोरडे करायचेच. संत्रं घेतलं तर सुरीने वरची साल पांढऱ्या भागासकट उतरवा आणि दोन पडद्यांच्या मधून फोड अलगद सोडवून घ्या. हाताला वेळ लागतो, पण कडू पडदा दाताखाली येत नाही, आणि उरलेला चोथा पिळला की ड्रेसिंगला रस मिळतो. स्ट्रॉबेरी आणि अंजीर नाजूक, ते कालवायचे नाहीत, फक्त वर मांडायचे.

सफरचंद आणि नाशपाती चिरल्या की काळवंडतात. फळातलं एक एन्झाइम हवेतल्या ऑक्सिजनच्या मदतीने हे करतं आणि आंबटात त्याचं फारसं चालत नाही. नेहमीचा उपाय म्हणजे कपभर पाण्यात मोठा चमचाभर लिंबाचा रस घालून फोडी त्यात पाच मिनिटं ठेवायच्या. मला तो पटत नाही, कारण त्यातून पुन्हा पाणी आलं आणि पुन्हा टिपत बसणं आलं. मी फोडी चिरल्या चिरल्या तयार ड्रेसिंगच्या एका चमच्यात घोळवते. आंबटपणा मिळतो आणि भांड्यात पाण्याचा थेंब जात नाही. सगळ्यात उत्तम म्हणजे फळ शेवटीच चिरावं.

न शिजवलेली किवी, अननस आणि पपई यांच्यापासून नवख्यांनी जरा लांब राहावं. या तिघांत प्रथिनं तोडणारी एन्झाइम्स असतात. मऊ चीजला ती लागून राहिली की चीज पिचपिचीत होतं आणि कडवट चव येते. घालायचीच असतील तर ताटात वाढल्यावर.

फळ आणि अक्रोड ही जोडी आता इतकी ठरलेली वाटते की ती पहिल्यापासूनच होती असं समजतो आपण. सफरचंदाचं प्रसिद्ध वॉल्डॉर्फ सॅलड न्यूयॉर्कच्या वॉल्डॉर्फ हॉटेलात १८९० च्या दशकात सुरू झालं. १८९६ मध्ये छापलेल्या त्याच्या कृतीत सफरचंद, सेलरी आणि मेयोनेज एवढंच आहे. अक्रोड मागाहून आले. तेव्हा तुम्हीही मूळ कृतीत ढवळाढवळ करायला बिचकू नका.

चीज

पहिल्यांदा करताना फेटा घ्या. नाव ऐकून डोक्यावर बांधायचा वाटला तरी हे ग्रीसचं पांढरं, भुसभुशीत, खारट चीज आहे, मेंढीच्या दुधाचं, कधी त्यात थोडं शेळीचं. ते खाऱ्या पाण्यात मुरलेलं असतं. जास्तच खारट लागलं तर तुकडा दहा मिनिटं साध्या पाण्यात ठेवून नीट टिपा. चुरा करून मिळणाऱ्या पाकिटापेक्षा अख्खा तुकडा घेऊन स्वतः कुस्करलेला चवीला सरस.

शेळीच्या दुधाचं मऊ चीज बोटांना चिकटतं. पंधरा मिनिटं फ्रीजरमध्ये ठेवलं की नीट तुटतं. पार्मेजानसारखं कडक चीज असेल तर बटाटे सोलायच्या सोलाण्याने त्याचे पातळ पापुद्रे काढा. किसून टाकलं तर ते ड्रेसिंगमध्ये विरून जातं आणि दाताला लागतच नाही. ब्लू चीज ज्याला आवडतं त्याला फार आवडतं, उरलेले नाक मुरडतात. नाशपाती, अक्रोड आणि ब्लू चीज हे त्रिकूट मला सगळ्यांत प्रिय, पण पाहुण्यांना न विचारता मी ते घालत नाही. घरात कुणी गरोदर असेल तर पाश्चराइज केलेल्या दुधाचंच चीज आणा, आणि तरीही ब्लू चीज टाळाच.

ड्रेसिंग

झाकणाच्या छोट्या बरणीत आधी लिंबाचा रस आणि मीठ घालून हलवा. क्रम महत्त्वाचा, कारण मीठ तेलात विरघळत नाही. तेल आधी पडलं तर मीठ दाण्यादाण्याने तळाशी बसून राहतं. (सॅलड हा शब्दच मुळी लॅटिनमधल्या मिठावरून आला आहे, तेव्हा मिठाचा मान पहिला.) मग मस्टर्ड आणि मध, शेवटी तेल आणि मिरपूड. झाकण घट्ट लावून अर्धा मिनिट जोरात हलवा. पातळ तेल जाडसर, पिवळट आणि धुरकट झालं की जमलं. ही किमया मस्टर्डची: ते तेलाचे बारीक थेंब एकमेकांना मिळू देत नाही. मस्टर्ड नसेल तरी चालेल, फक्त ओतायच्या आधी पुन्हा हलवावं लागेल.

आंबटाच्या तिप्पट तेल हे प्रमाण पहिल्या वेळेसाठी ठीक. फळ फार गोड असेल तर आंबट थोडं वाढवा. चव बघताना बोट किंवा चमचा चाटू नका, नुसतं ड्रेसिंग नेहमीच जहाल लागतं. एक पान त्यात बुडवा, झटका आणि खा. खरी चव तीच. आणि नमनालाच घडाभर तेल ओतू नका, बरणीतलं सगळं संपवायचंच असा नियम नाही. तेल अजिबात नको म्हणणाऱ्यांसाठी एवढंच, की हिरव्या पानांतली कॅरोटिनॉइड्स ही पोषक रंगद्रव्यं अंगी लागायला थोडं तेल-तूप लागतंच.

कालवणं

आता सगळे तयार आहेत, पण खाणारे बसलेत का? बसले नसतील तर थांबा. पानाच्या पृष्ठभागावर मेणाचा पातळ थर असतो. पाणी त्यावरून ओघळतं, पण तेल हळूहळू आत झिरपतं, पान गडद आणि मऊ पडतं. दहा-पंधरा मिनिटांत फरक दिसायला लागतो. माझ्या त्या पहिल्या सॅलडला मी अडीच तास दिले होते.

पानं दुप्पट जागा राहील एवढ्या मोठ्या भांड्यात घ्या. ड्रेसिंग कडेने फिरवून ओता, मधोमध नको, आणि आधी दोन तृतीयांशच. हात स्वच्छ धुऊन कोरडे करा आणि हातानेच कालवा. बोटं भांड्याच्या कडेने तळापर्यंत घालायची, खालची पानं वर उचलायची, सोडून द्यायची. दाबायचं नाही. सात-आठ वेळा असं केलं की प्रत्येक पानावर चकाकी येते. पान चमकायला हवं, ठिबकायला नको. चिमट्याने किंवा दोन चमच्यांनीही जमतं, पण कुठलं पान कोरडं राहिलंय ते बोटांना जसं कळतं तसं चमच्याला कळत नाही. एक पान खा. फिकं वाटलं तर उरलेलं ड्रेसिंग किंवा चिमूटभर मीठ घाला. चीज खारट आहे हे विसरू नका.

मग निम्मं फळ आणि निम्मे अक्रोड घालून एकदाच हलकेच वरखाली करा. उरलेले निम्मे आणि सगळं चीज वरून पसरा. जड वस्तू तळाशी जातात, त्यामुळे सगळं एकदम कालवलं तर पहिल्याला पाला आणि शेवटच्याला अक्रोडांची रास मिळते. मऊ चीज कालवलं तर पानांना पांढरा लेप बसतो, म्हणून ते वरच.

लगेच वाढा. भांडं टेबलावर दोन तासांपेक्षा जास्त उघडं ठेवू नका, चीज आहे त्यात. डब्यात न्यायचं असेल तर ड्रेसिंग छोट्या बाटलीत वेगळं, अक्रोड कागदात वेगळे, फळ जमल्यास अख्खंच न्या आणि तिथे चिरा.

ड्रेसिंग लागलेलं सॅलड उरलं तर फ्रिजमध्ये ठेवून उपयोग नाही, दुसऱ्या दिवशी त्याचा लगदा होतो. म्हणून मी निम्मीच पानं कालवते आणि उरलेली कोरडीच डब्यात ठेवते. लागली तर दोन मिनिटांत पुन्हा कालवता येतात. बरणीतलं उरलेलं ड्रेसिंग फ्रिजमध्ये तीन-चार दिवस टिकतं. गारठून गोठल्यासारखं झालं तर दहा मिनिटं बाहेर ठेवा आणि पुन्हा जोरात हलवा.